वेळापुरे स्टोअर्सचा शेवटचा चुडा

माणसानं रुसावं तर चारचौघांत रुसावं. ताट ढकलावं, चार शब्द ऐकवावेत, चार ऐकून घ्यावेत आणि मोकळं व्हावं. खोलीत शिरून दार लोटून घ्यायचं आणि हाकेला ओ द्यायची नाही, ही कुठली रीत? आमचे धाकटे दीर, मुरलीधर भाऊजी, साठीच्या घरातला माणूस, नातवंडांचा आजोबा. दुकानाला बँकेचं सील लागलं त्या दिवशी जे माडीवर चढले, ते खाली उतरायचं नाव घेईनात.

"आज तरी खाल्लं का गं काही?" मी जावेला विचारलं.

इंदू जिन्याच्या खालच्या पायरीवर ताट मांडीवर घेऊन बसली होती. "भाकरीचा कोपरा मोडलाय, अक्का. बाकी सगळं तसंच."

"बोलले काही?"

"म्हणाले, वरण आळणी आहे."

"आहे का?"

तिनं बोट बुडवून चाटलं. "आहे. मीठच घालायचं राहिलं."

"मग डोळे पूस. जो वरणाला नावं ठेवतो त्याचं अजून सगळं गेलेलं नाही."

म्हणाले खरी. पण त्याच सकाळी मी सुताराला बोलावून भाऊजींच्या दाराची आतली कडी काढून घेतली होती. दार नीट बसत नाही, अशी सबब सांगितली. सुतार कडी खिशात घालून गेला, तेव्हा इंदूनं माझ्याकडं पाहिलं, मी तिच्याकडं पाहिलं.

ह्या गोष्टीला आता पुष्कळ वर्षं झाली. बार्शीत आज कुणा पोराला विचारलं तर वेळापुरे स्टोअर्स कुठं होतं हे सांगता यायचं नाही. तेव्हा मात्र परगावची एसटी स्टँडात शिरली की कंडक्टर ओरडायचा, "वेळापुरेवाले उतरा!"

आम्ही कासार. माझे सासरे खांद्यावर बांगड्यांच्या माळा टाकून गावोगाव हिंडायचे. पुढं बाजारात दोन फळ्यांचं दुकान घेतलं. माझ्या मालकांनी त्यात कुंकू आणलं, रिबिनी आणल्या, पावडर आणली. बांगड्या भरायला आलेली बाई नुसत्या बांगड्या भरून उठायची नाही, कारण तिच्या डोळ्यांसमोर तिला हवं ते सगळं टांगलेलं असायचं. मग भांडी आली, साड्या आल्या, लेकरांचे कपडे, खेळणी, बॅगा. मालक अचानक छातीत कळ येऊन गेले आणि सगळा डोलारा भाऊजींच्या खांद्यावर आला. त्यांनी तो तीन मजल्यांवर चढवला. कंपनी केली. प्रायव्हेट लिमिटेड म्हणे. अख्खा तालुका आत हिंडत होता, त्यात प्रायव्हेट काय ते मला कधी कळलं नाही.

आणि सरकता जिना बसवला. जिल्ह्यात पहिला, असं भाऊजी सांगायचे. खरं खोटं देव जाणे. खेड्यातल्या बायका चपला हातात घेऊन त्याच्यावर पाय ठेवायच्या. एका म्हातारीनं आधी त्याला हळदकुंकू वाहिलं. एक गडी दिवसभर वरखाली करत राहिला, शेवटी भाऊजींनी त्याला चहा पाजला आणि विचारलं, "पाव्हणं, काय घ्यायचंय?" तो म्हणाला, "घ्यायचं काय न्हाय. बरं वाटतंय." भाऊजी आठवडाभर हसत होते. तसा हसरा माणूस होता तो.

मग लातूरला शाखा झाली, उस्मानाबादला झाली, सोलापूरला झाली. तिकडं बांगड्या भरायला कासार मिळेनात, तेव्हा भाऊजींनी बांगड्या मापाप्रमाणं खोक्यात घातल्या. उचला आणि घरी जाऊन चढवा. मी म्हटलं, "भाऊजी, बाई बांगड्या घ्यायला येत नाही, ती हात धरून घ्यायला येते. सासरी तिचा हात दुसरं कोण धरतंय?" ते म्हणाले, "वहिनी, जमाना बदलला." बार्शीच्या दुकानात मात्र माझी बैठक त्यांनी हलवली नाही. दारातून आत आलं की उजव्या हाताला मी, तेवढं ठेवलं.

जमाना बदलला हे त्यांचं खरंच निघालं. सोलापुरात मोठ्या कंपनीचा मॉल झाला, थंडगार, चकचकीत. आमची सोलापूरची शाखा बसली, तिनं लातूरला ओढलं, लातूरनं उस्मानाबादला, आणि सगळ्यांनी मिळून बार्शीला. एके दिवशी बँकेची माणसं आली आणि शटरला कुलूप घालून वर लाख लावून गेली. राहतं घर सासऱ्यांच्या नावावर होतं म्हणून वाचलं.

दुकान गेलं त्याचं भाऊजींना दुःख होतंच. पण त्यांना माडीवर नेऊन बसवलं ते गावानं. ज्याच्या त्याच्या तोंडी एकच वाक्य. न्हावी म्हणायचा, पानवाला म्हणायचा, सांत्वनाला आलेले भावकीतले दारात चपला काढतानाच म्हणायचे, "थोरले असते तर असं झालं नसतं." भाऊजी एकदा ते ऐकून उठले, सगळ्यांना हात जोडले आणि वर निघून गेले. ते गेलेच.

त्या दिवशी दुपारी इंदूनं वरण पुन्हा मीठ घालून उकळायला ठेवलं आणि दारात बायका उभ्या राहिल्या. पुढं एक म्हातारी, मागं तिची सून, तिच्या मागं लाजून उभी असलेली मुलगी.

"वेळापुऱ्याचं घर ह्येच न्हवं?" म्हातारी म्हणाली. "दुकानाला कुलूप हाय. पानवाला म्हनला, घरी जावा."

"कुलूप नाही, सील आहे."

"त्ये काय आसतं?"

"सरकारी कुलूप."

"मग उघडनार कवा?"

"ते उघडायचं नाही आता, आजी. आमचं दुकान संपलं."

म्हातारीनं कमरेवर हात ठेवले. "आसं कसं संपलं? उद्या हळद हाय हिची. माझा चुडा तुमच्या सासऱ्यानं भरला. ह्या सुनंचा तुमच्या मालकांनी भरला. गेल्या साली थोरल्या नातीचा तुमी भरला. आता ह्या धाकटीला काय मी खोक्यातला आनून घालू?"

मी ओळखलं. वैरागकडची ठकूबाई. दर लग्नाला येणार, दर वेळी भांडणार आणि जाताना ओटीत गूळ टाकून जाणार. मी म्हटलं, "आत या. कासाराच्या घरातून नवरी रिकाम्या हातानं परत जायची नाही."

आमच्या घरात कालिकामातेच्या देव्हाऱ्याशेजारी हिरव्या बांगड्यांच्या माळा कायम टांगलेल्या असतात. सासूबाईंच्या वेळेपासूनची पद्धत. सगळं विकलं तरी त्या विकायच्या नाहीत, एक चुडा गेला की दुसरा आणून टांगायचा. मी त्या उतरवल्या, सोप्यात सतरंजी टाकली, इंदूनं तांब्या-भांडं ठेवलं. मुलगी माझ्यासमोर बसली. नाव रोहिणी. मी तिचा हात हातात घेतला. रानात काम केलेला हात, पेरं जाड, अंगठ्याचं हाड रुंद. असा हात भरायला अवघड, पण मला अवघड नव्हता. मी माळेतून पहिली बांगडी काढली.

तेवढ्यात डोक्यावर पावलं वाजली. जुनी लाकडी तक्तपोशी आमची, वर मांजर चाललं तरी खाली कळतं. भाऊजी खिडकीपासून दारापर्यंत येत होते आणि परत जात होते. बायकांचे आवाज त्यांनी ऐकले असणार. बांगड्यांची किणकिण तर ऐकलीच असणार. पावलं दारापाशी यायची, थांबायची आणि परत फिरायची.

मी बांगडी खाली ठेवली. मुलीचा हात सोडला. आणि चांगला आवाज चढवून म्हणाले, "नाही गं बाई, माझ्यानं नाही भरता यायचा हिचा चुडा. मी विधवा बाई. शुभकार्याला माझा हात कशाला?"

सून घाबरली. "आवं पर थोरलीचा तर तुमीच..."

मी तिच्या गुडघ्याला असा चिमटा काढला की तिचं पुढचं वाक्य तोंडातच राहिलं. ठकूबाईनं माझ्याकडं पाहिलं. मग मान वर करून तक्तपोशीकडं पाहिलं. वरची पावलं थांबलेली होती. म्हातारीनं पदर खोचला आणि माझ्या दुप्पट आवाजात बोंब ठोकली, "व्हय की! रांडमुंड बाईचा हात नवरीला कसा चालंल? आमी काय आपशकून करून घ्यायला आलोय का हितं?"

जिना धाडधाड वाजला.

भाऊजी खाली आले ते अनवाणी. अंगात बंडी, दाढी वाढलेली, डोळे लाल. इंदू स्वयंपाकघराच्या दारात हातातली पळी तशीच धरून उभी राहिली.

"कोण म्हणालं?" भाऊजी गरजले. "आमच्या वहिनींच्या हाताला कोण नावं ठेवतंय?"

ठकूबाईनं माझ्याकडं बोट केलं. "त्याच म्हनल्या बाबा. आमी नुसतं व्हय म्हनलं."

"वहिनी, तुम्ही?"

"मग काय खोटं बोलले?"

"ह्या घरात हे बोलायचं नाही! माझ्या सुलभाच्या लग्नात ठरलंय हे!"

ठरलं होतं खरं. मालकांना जाऊन वर्षही झालं नव्हतं आणि भाऊजींच्या मुलीचं लग्न निघालं. मी आपली मागच्या खोलीत बसले होते, कुणाच्या दृष्टीला पडायला नको म्हणून. भावकीतल्या बायकांनी पंढरपूरहून कासारीण बोलावली होती. भाऊजी आत आले, माझा दंड धरून मला मांडवात आणलं, पाटावर बसवलं आणि स्वतःच्या लेकीचा हात माझ्या हातात दिला. मग सगळ्या मांडवाला ऐकू जाईल असं म्हणाले, "सुलभाचा चुडा माझ्या वहिनी भरतील. ज्याला अपशकुन वाटत असेल त्यानं निघावं. मात्र जेवून निघावं, बुंदी पुष्कळ केलीय." कुणी उठलं नाही. दुसऱ्या दिवसापासून मी दुकानात दाराशी बसायला लागले ती शेवटपर्यंत.

"बसा आणि भरा," भाऊजी मला म्हणाले.

"माझी बोटं आखडलीत."

"सकाळी तुम्ही शेंगा फोडत होता. मी खिडकीतून बघितलं."

"शेंग वेगळी, चुडा वेगळा," म्हणून मी दोन्ही हात पदराखाली घेतले. "इतका पुळका आहे तर तुम्ही भरा. तुम्ही कासार नाही?"

ते स्वतःच्या हातांकडं बघत राहिले. "मी? वहिनी, किती वर्षं झाली मी हात धरून. मला नाही जमायचं."

"मग ही पोर तशीच जाऊ दे. मोकळ्या हातानं हळदीला बसेल."

रोहिणी बिचारी घाबरून एकदा माझ्याकडं बघे, एकदा त्यांच्याकडं. तिचा हात अजून पुढंच होता. भाऊजी हळूच सतरंजीवर बसले. मांडी घालताना गुडघे वाजले. त्यांनी तांब्यातलं पाणी घेऊन तिचा पंजा ओला केला, अंगठा आत दुमडला.

मी ह्या घरात लग्न होऊन आले तेव्हा हा माणूस हाफ चड्डीतला होता. माहेरीही आमचं हेच काम, मला हात भरता यायचा. सासरे फिरतीवर, मालक दुकानात, मग धाकट्याला शिकवणार कोण? त्याला मी माझ्या हातावर शिकवलं. माझ्या लग्नाच्या बांगड्या त्यानं एकेक करून वाढवल्या, मनगटावर ओरखडे काढले. सासूबाई म्हणायच्या, "हा पोरगा कासार व्हायच्या आधी तुझा हात जाईल." मी म्हणायचे, "जाऊ द्या, दुसरा आहे."

पहिली बांगडी सांध्यापर्यंत गेली आणि कट्कन तुटली.

"वाढली," ठकूबाई म्हणाली. फुटली असं आमच्यात म्हणत नाहीत. "इडापिडा गेली पोरीची."

दुसरीही वाढली. काच भाऊजींच्या बोटात घुसली. ते उठायला लागले.

"बसा," मी म्हटलं.

"वहिनी, उगीच हिच्या चुड्याला..."

"भरताना वाढली तर ती कासाराची. गिऱ्हाइकाच्या अंगाला ते लागत नाही. हे तुमच्या वडलांनी सांगितलंय, मी नाही. बसा."

रोहिणीला कसं कोण जाणे, कंठ फुटला. "काका, दाबा की जोरात. मी खुरपं धरती. मला न्हाय लागत."

"जोर लावायचा नसतो पोरी," भाऊजी म्हणाले. आवाज एकदम खाली आला होता, दुकानात बायकांशी बोलायचे तसा. "तूच हात ताठ धरलायस. सैल सोड. काहीतरी बोल माझ्याशी. मन दुसरीकडं गेलं की हात मऊ पडतो. नवरा काय करतो?"

"टेंपो चालवत्यात."

"कुठं?"

तिनं मान खाली घातली. सासरचा विषय निघाला म्हणून लाजली असं मला वाटलं. पण तसं नव्हतं.

"आदी तुमच्याच दुकानाचा माल आनायचे. लातूरवरनं."

भाऊजींचे हात थांबले. बांगडी तिच्या सांध्यावर अर्धी चढलेली, तशीच राहिली. माडीवरून खाली आलेला माणूस आता उठून पुन्हा माडीवर जाणार, असं मला त्या क्षणी वाटलं, आणि मग मी कितीही ओरडले असते तरी तो परत उतरला नसता.

"मग आता?" त्यांनी विचारलं. वर न बघता.

"आता दुधाचा चालवत्यात. म्हनत्यात, दूध बरं. दूध रोज आसतं."

"खरंय," भाऊजी म्हणाले. "दूध रोज असतं." आणि बांगडी सांध्यावरून घसरून मनगटात जाऊन पडली.

त्यानंतर एकही वाढली नाही. मी बघत होते. अंगठा जसा मी शिकवला होता तसा आत जात होता, करंगळीकडून बांगडी तिरकी येत होती, सांध्यावर क्षणभर थांबून आत सरकत होती. एक हात भरला, दुसरा भरला. इंदू दारातून केव्हा आत येऊन बसली मला कळलं नाही. वरणाचा करपट वास यायला लागला तरी ती उठली नाही.

चुडा भरला की नवरी कासाराच्या पाया पडते. रोहिणीनं पदर घेतला, वाकली. भाऊजींनी पाय मागं घेतले.

"माझ्या नको. वहिनींच्या पड."

"का?"

"मी दुकान बुडवलेला माणूस आहे पोरी."

ठकूबाई सुपारी कातरत होती. तिनं अडकित्ता खाली ठेवला. "दुकान तुमचं बुडालं. चुडा आमचा भरला. पोरगी कासाराच्या पाया पडाय लागलीया, दुकानातल्या सरकत्या जिन्याच्या न्हाय. पाय हिकडं करा बगू. उन्हं उतरायच्या आत आमाला गाडी गाठायचीय."

भाऊजींनी पाय पुढं केले. तिच्या डोक्यावर हात ठेवला, पण तोंडातून आशीर्वाद निघेना. शेवटी म्हणाले, "भांडी घासताना डाव्या हाताला जप. उजव्या हातानं काम करणाऱ्या बाईच्या डाव्या हातातल्याच बांगड्या आधी वाढतात."

बायका हसल्या. ठकूबाईनं तांदूळ, गूळ, पानसुपारी सतरंजीवर ठेवली आणि उठता उठता माझ्या कानाशी लागली. "चिमट्यानं सुनंच्या गुडघ्याला वळ उठलाय. पर काम झालं."

त्या गेल्यावर भाऊजी काचा वेचत बसले. एकेक तुकडा उचलून कागदात ठेवत होते. इंदू करपलेलं वरण बघायला आत गेली.

"वहिनी," ते म्हणाले, "तुम्ही मुद्दाम केलंत."

"कळायला इतका वेळ लागतो म्हणून तर बँकवाल्यांचं फावलं."

ते हसले. हसणं अर्ध्यावर आलं आणि तिथंच मोडलं. "मला खाली यायचं नव्हतं, वहिनी. खाली आलं की सगळीकडं दादा दिसतात. वडलांनी दोन फळ्या दिल्या, दादांनी त्याचं दुकान केलं, आणि मी... गाव म्हणतं ते काही खोटं नाही. दादा असते तर हे झालं नसतं."

ते वाक्य मी कितीतरी दिवस ऐकत होते. कुणी म्हटलं की मी पदर डोळ्याला लावायचे. आपल्या माणसाचं कौतुक कुठल्या बाईला नको असतं? माझ्या मालकांविरुद्ध मी त्यांच्या हयातीत शब्द काढला नाही आणि ते गेल्यावर तर नाहीच. त्यांनी मला विश्वासानं सांगितलेली एक गोष्ट मी कुणाजवळ बोलले नव्हते. माझ्याबरोबरच ती जाईल असं मी धरून चालले होते.

मी भाऊजींसमोर बसले. त्यांचं काच घुसलेलं बोट हातात घेतलं. नखानं तुकडा काढला. तो हाफ चड्डीत होता तेव्हा मी त्याला ज्या नावानं हाक मारायचे, ते नाव तोंडातून कसं आलं मला कळलं नाही.

"मुरली, नीट ऐक, मी पुन्हा सांगायची नाही. ते असते तरी दुकान गेलंच असतं. जायच्या महिनाभर आधी ते पुण्याला जागा बघून आले होते, चार मजल्यांची. पुढं बाबांची सही घेऊन हे राहतं घर गहाण टाकायचं ठरवून बसले होते. मला म्हणाले, बाबांना आणि मुरलीला इतक्यात सांगू नकोस. आणखी थोडे जगले असते तर त्यांनीच बुडवलं असतं, आणि आपण सगळे रस्त्यावर असतो. ते लवकर गेले म्हणून शहाणे ठरले. तू मागं राहिलास म्हणून सगळं तुझ्या अंगावर आलं. मागं राहणं हा काही गुन्हा नाही बाबा, मीही राहिलेच आहे. ऊठ, हात धू, आणि माझ्याबरोबर पानावर बस. वरण करपलंय, तेच खायचंय."